जोन हिक्सन : मिस मार्पलच्या आधीची पन्नास वर्षं

रानजाई :

अगाथा ख्रिस्तीची मिस मार्पल, म्हणजे खेडेगावात राहून खुनांचा छडा लावणारी म्हातारी, आजवर कितीतरी जणींनी केली, पण बीबीसीच्या मालिकेतली जोन हिक्सन पाहिल्यावर दुसरी कुणी मनात बसत नाही. १९८४ ते १९९२ या काळात मार्पलच्या बाराही कादंबऱ्या बीबीसीने पडद्यावर आणल्या आणि बाराहींमध्ये मार्पल तीच. पहिली कथा, 'द बॉडी इन द लायब्ररी', १९८४च्या नाताळच्या आठवड्यात दाखवली गेली, तेव्हा तिने वयाची ७८ वर्षं पूर्ण केली होती.

तिच्याबद्दल कुठेही वाचा, गोष्ट इथूनच सुरू होते. उतारवयात नशीब उघडलेली नटी. मला ही गोष्ट मनापासून खटकते, म्हणून हा धागा काढलाय. त्याआधी पन्नास वर्षं ही बाई ब्रिटिश सिनेमात सतत दिसत होती. एका प्रसंगात, दोन प्रसंगांत, कधी दार उघडण्यापुरती, कधी ट्रे ठेवून जाण्यापुरती. लोक तिला बघत होते, फक्त तिचं नाव विचारत नव्हते.

जन्म १९०६चा, नॉर्थॅम्प्टनच्या किंग्जथॉर्प भागातला. नॉर्थॅम्प्टन हे बुटांच्या कारखान्यांचं शहर, वडीलही त्याच धंद्यातले. लंडनच्या 'राडा' या नाट्यशाळेत शिक्षण, १९२७ला रंगभूमीवर पहिलं पाऊल, १९३४मध्ये पहिला चित्रपट. १९३६च्या 'द मॅन हू कुड वर्क मिरॅकल्स'मध्ये ती एफी नावाच्या मुलीच्या छोट्या भूमिकेत आहे. १९३७मध्ये 'लव्ह फ्रॉम अ स्ट्रेंजर' आला, त्यात ती मोलकरीण आहे. हा सिनेमाही ख्रिस्तीच्याच एका कथेवरचा! म्हणजे ख्रिस्तीच्या जगात ती आली ती मार्पल होण्याच्या तब्बल सत्तेचाळीस वर्षं आधी, हातात झाडू घेऊन.

तिचा मला सगळ्यांत आवडणारा छोटा रोल १९५०च्या 'सेव्हन डेज टू नून'मधला. बोल्टिंग बंधूंचा सिनेमा. एक शास्त्रज्ञ अणुबॉम्ब घेऊन गायब होतो आणि सरकारला कळवतो की आठवड्याच्या आत अण्वस्त्रं बनवणं थांबवा, नाहीतर लंडन उडवतो. अख्खं शहर रिकामं करायची वेळ येते. सिनेमा एवढा मोठा, पण त्यातली खरी धाकधूक मला वाटली ती हिक्सनच्या घरात. ती मिसेस पेकिट, खोल्या भाड्याने देणारी. हा शास्त्रज्ञ तिच्याकडे खोली घेतो आणि रात्रभर येरझाऱ्या घालतो. खाली ती जागी. अणुबॉम्बचा तिला पत्ताच नाही. तिची भीती वेगळी आहे: हा माणूस घरमालकिणींचे खून पाडणारा तर नाही ना? देशावरचं संकट आणि एका बाईला आपल्या घरात वाटणारी भीती या दोन्ही गोष्टी तिने काही मिनिटांत एकत्र आणून ठेवल्यात. हसूही येतं आणि पोटात गोळाही येतो. या सिनेमाच्या कथेला ऑस्कर मिळालं.

मला जे म्हणायचंय ते एवढंच: मार्पल ज्या बळावर खुनी पकडते, त्याच बळावर हिक्सनने पन्नास वर्षं पोट भरलं होतं. कोपऱ्यात बसायचं, सगळं ऐकायचं, आणि समोरच्याने आपल्याला गृहीत धरलं तर धरू द्यायचं. पडद्यावरच्या त्या घरमालकिणी, मोलकरणी, वॉर्डातल्या सिस्टर हीच तिची तयारी होती. आणि नुसती तयारीही म्हणू नये, ते स्वतःच मोलाचं काम होतं.

तुम्हाला तिची कुठली कामं आठवतात? लिहा.


तिसरी_घंटा :

लेख आवडला. पण रानजाई, तुम्ही रंगभूमी एका ओळीत उरकलीत, हे मला पटलं नाही. तिचं घर तिथेच होतं.

सुरुवातीची काही वर्षं ती ऑक्सफर्ड प्लेहाऊसमध्ये होती. त्या काळी अशा नाट्यगृहांत एक नाटक चालू असतानाच पुढच्याच्या तालमी चालायच्या. या आठवड्यात विशीतली मुलगी, पुढच्या आठवड्यात साठीची आत्या. तिच्या पिढीतल्या ब्रिटिश नटांची जी तयारी दिसते ती या रगाड्यातून आलेली. कॅमेऱ्यासमोर एका प्रसंगात माणूस उभं करायची सवय तिथेच लागते, कारण नाटकातही छोट्या भूमिकेला तेवढाच वेळ मिळतो.

पीटर निकोल्सचं 'अ डे इन द डेथ ऑफ जो एग' १९६७मध्ये ग्लासगोला आलं. गंभीर अपंगत्व असलेली मुलगी, तिचे आईबाप, आणि ते दुःख सहन व्हावं म्हणून चाललेले त्यांचे विनोद. निकोल्सने ते स्वतःच्या अनुभवातून लिहिलं होतं. हिक्सनने त्यात ग्रेस केली, म्हणजे नवऱ्याची आई. पुढे चित्रपट झाला, त्यात अॅलन बेट्स आणि जॅनेट सुझमन, पण ग्रेस हिक्सनच. ही आजी वाईट नाही. तिची नातीवर माया आहे. पण ती जे बोलते ते नेमकं आईबापांच्या जखमेवर पडतं, आणि आपण काय बोललो हे तिच्या लक्षातही येत नाही. हिक्सन हे सगळं इतक्या साधेपणाने करते की तिचा रागही धड करता येत नाही. अशी माणसं प्रत्येकाच्या नात्यात असतात.

मग अॅलन एकबर्नचं 'बेडरूम फार्स'. १९७७मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये, नंतर न्यूयॉर्कला. तीन शयनकक्ष, चार जोडपी, एक रात्र. हिक्सन आणि मायकेल गॉफ त्यातलं म्हातारं जोडपं, डेलिया आणि अर्नेस्ट. लग्नाच्या वाढदिवसाचं जेवण बिघडलेलं, म्हणून दोघं पलंगावर बसून टोस्टवर डब्यातले मासे घेऊन खातात. या भूमिकांसाठी १९७९मध्ये दोघांनाही टोनी पुरस्कार मिळाला. ब्रॉडवेचा सर्वोच्च मान, मार्पलच्या पाच वर्षं आधी. तेव्हा 'मार्पलमुळे तिला ओळख मिळाली' हे टीव्हीच्या प्रेक्षकांपुरतं खरं आहे. नाटकवाल्यांना ती केव्हाच माहीत होती.


मध्यंतर :

'कॅरी ऑन' या ब्रिटिश विनोदी चित्रपटांच्या मालिकेचा उल्लेख कुणीच कसा केला नाही? मी तिला पहिल्यांदा पाहिलं ते तिथेच. एकूण पाच 'कॅरी ऑन' चित्रपटांत आहे ती. 'कॅरी ऑन नर्स'मध्ये वॉर्डची सिस्टर, 'कॉन्स्टेबल'मध्ये झोकांड्या खात पोलिस ठाण्यात येणारी मिसेस मे, 'रिगार्डलेस'मध्ये मेट्रन, आणि पुढे सत्तरच्या दशकात 'लव्हिंग' आणि 'गर्ल्स'.

हे सिनेमे पाइनवुड स्टुडिओत थोडक्या पैशांत आणि काही आठवड्यांत उरकले जायचे. निर्माता पीटर रॉजर्स, दिग्दर्शक जेराल्ड थॉमस, दोघांचाही हिशोब पक्का. रीटेकची चैन नाही. अशा ठिकाणी एका दिवसाच्या कामाला कुणाला बोलवायचं? जी येईल, संवाद पाठ असतील, खुणेवर उभी राहील, पहिल्याच टेकमध्ये हशा काढेल आणि संध्याकाळची गाडी पकडून रात्रीच्या नाटकाला पोचेल, तिलाच. ब्रिटिश सिनेमाचं पन्नास-साठच्या दशकातलं सगळं अर्थकारण अशा भरवशाच्या माणसांवर उभं होतं असं मला वाटतं.

'नर्स' आणि 'कॉन्स्टेबल' लागोपाठ पाहा. १९५९ आणि १९६०, मध्ये जेमतेम वर्ष. पहिल्यात कडक इस्त्रीची, शिस्तीची सिस्टर. दुसऱ्यात दारू प्यायलेली, पण इभ्रत न सोडणारी बाई. पाय लटपटतायत पण मान ताठ. दारुड्याचं काम करणारे बहुतेक नट पडतात, अडखळतात, आवाज जड करतात. ती दारू लपवायचा प्रयत्न करणारी बाई करते. सगळी गंमत त्यात आहे.

आणि 'कॅरी ऑन नर्स' म्हणजे काही किरकोळ सिनेमा नव्हे. १९५९मध्ये ब्रिटनमध्ये सगळ्यांत जास्त चाललेला चित्रपट तो होता.


आडवाट :

सगळ्यांचं प्रेम समजतं, पण मला एक कडू गोष्ट मांडायचीय.

रानजाई, 'ती सगळी तयारी होती' असं म्हटलं की तिच्यावर झालेला अन्याय आपण गोड करून घेतो. ब्रिटिश सिनेमाने पस्तिशी ओलांडलेल्या बाईला दोनच कपडे ठेवले होते, एप्रन किंवा युनिफॉर्म. हिक्सनची यादी काढा. 'डॉक्टर इन द हाऊस'मध्ये घरमालकीण. 'द मॅन हू नेव्हर वॉज'मध्ये घरमालकीण. 'सेव्हन डेज टू नून'चं तुम्ही लिहिलंतच. १९४८चा 'द गिनी पिग' घ्या. त्यात रिचर्ड अॅटनबरो शाळकरी पोरगा आहे आणि हिक्सन त्याची आई. अॅटनबरो १९२३चा, ती १९०६ची. खऱ्या वयात सतराच वर्षांचं अंतर. त्याला चोविशी-पंचविशीत पोरगा होण्याची मुभा होती. तिला चाळिशीच्या सुरुवातीलाच आई, मग आजी, मग बाकावर बसलेली म्हातारी.

अॅलेक गिनेस तिच्यापेक्षा आठ वर्षांनी लहान. 'द कार्ड'मध्ये दोघं एकत्र आहेत. ती मिसेस कॉडलिन, भाड्याच्या घरांची मालकीण, आणि तो तिची भाडी गोळा करणारा खटपट्या तरुण. गिनेसच्या अंगात रूपं बदलायची जी ताकद होती तिचं सिनेमाने सोनं केलं, एकाच चित्रपटात आठ-आठ भूमिका दिल्या. हिक्सनही रूपंच बदलत होती, पण एका वेळी एक मिनिट.

तेव्हा तिचं कौतुक करताना सिनेमाला माफ करू नका.


रानजाई :

आडवाट, माफ करत नाहीये. तुम्ही मांडलेली यादी बरोबर आहे आणि ती वाचून मलाही राग येतो. पण मी वेगळ्या बाजूने बघतेय. संधी कुणी नाकारली हा एक प्रश्न. मिळालेल्या एका मिनिटाचं तिने काय केलं हा दुसरा. पहिल्या प्रश्नाचं उत्तर देताना दुसरा विसरला की त्या बाईच्या हातात अन्यायाखेरीज काहीच उरत नाही. तिच्या घरमालकिणी एकसारख्या नाहीत हो! पेकिट बाई घाबरट आणि चौकस आहे. 'द कार्ड'मधली कॉडलिन पैशाला चिकट, पण चिडली की तडकाफडकी निर्णय घेणारी. कपडे आणि हुद्दा सिनेमाने ठरवला असेल. माणूस तिने ठरवलं.

तिसरी_घंटा, रंगभूमीबद्दलचं सगळं मान्य. तुम्ही लिहावं म्हणूनच बहुधा मी थोडक्यात लिहिलं.


पिवळा_दिवा :

मी मार्गारेट रदरफोर्डच्या बाजूचा, आधीच सांगतो. तिचे साठच्या दशकातले चार मार्पल सिनेमे मी कितीही वेळा बघू शकतो. ती गडगडाटी चाल, ती शाल, ते हनुवटी पुढे काढून बोलणं. पुस्तकातल्या मार्पलशी काडीचा संबंध नाही हे कबूल, ख्रिस्तीलाही ते चित्रपट फारसे रुचले नव्हते. तरी १९६२ची 'द मिरर क्रॅक्ड फ्रॉम साइड टू साइड' ही कादंबरी तिने रदरफोर्डलाच अर्पण केली, हेही विसरू नका.

यातली गंमत अशी की या चारांतल्या पहिल्या चित्रपटात, १९६१च्या 'मर्डर, शी सेड'मध्ये, जोन हिक्सन आहे. रदरफोर्डची मार्पल खुनाचा छडा लावायला हवेलीत कामवाली म्हणून शिरते, आणि तिथे आधीपासून कामाला असलेली मिसेस किडर म्हणजे हिक्सन. एक मार्पल दुसऱ्या मार्पलकडे संशयाने बघतेय, ही नवी कोण आली म्हणून. ज्यांना पुढचं माहीत आहे त्यांना तो प्रसंग बघताना काटा येतो.

हाच चित्रपट '४.५० फ्रॉम पॅडिंग्टन'वर बेतलेला. १९८७मध्ये बीबीसीने तीच कादंबरी केली तेव्हा मार्पल अर्थात हिक्सन.


खाडीकाठ :

मी एसेक्समध्ये राहते, कोल्चेस्टरच्या जवळ. जोन हिक्सन १९५८पासून शेवटपर्यंत इथल्या विव्हनहो गावात राहिली. कोल्न नदीच्या काठचं गाव, धक्क्याला लागलेल्या होड्या, अरुंद गल्ल्या. लंडनहून आगगाडीने येता येतं, आणि तिच्या कामाचं वेळापत्रक बघता तिने ही जागा का निवडली ते लक्षात येतं. दिवसा स्टुडिओ, रात्री नाटक, आणि घरी आलं की समुद्राचा वारा.

नवरा डॉक्टर होता, एरिक बटलर. १९३२ला लग्न, दोन मुलं. १९६७मध्ये तो गेला. म्हणजे 'जो एग'चं वर्ष. तिच्या कामाचा सगळ्यांत समृद्ध काळ त्यानंतरचा आहे, हे मला फार विचार करायला लावतं. १९९८च्या ऑक्टोबरमध्ये कोल्चेस्टरलाच ती वारली. दफन मात्र डेव्हनमधल्या सिडबरी गावी झालं, लग्नानंतरच्या नावाने.

मार्पलचं गाव, सेंट मेरी मीड, पाहायचं असेल तर हॅम्पशरमध्ये नेदर वॉलप नावाचं खेडं आहे. बीबीसीने बाहेरची दृश्यं तिथे घेतली. गवताने शाकारलेली छपरं, ओढा, चढण. आम्ही एका सुट्टीत जाऊन आलो. पाटीबिटी शोधायची गरज पडत नाही, वळण घेतलं की आपोआप कळतं.


निळावंती :

सुंदर धागा. मला एक विचारायचंय. ख्रिस्तीने स्वतः हिक्सनला मार्पलसाठी निवडलं होतं असं कुठेतरी वाचलं होतं. खरं का?


रानजाई :

निळावंती, 'निवडलं' म्हणता येणार नाही, पण गोष्ट खरी आहे. चाळीसच्या दशकाच्या मध्यावर ख्रिस्तीच्या 'अपॉइंटमेंट विथ डेथ' या नाटकात हिक्सनने मिस प्राइस नावाची छोटी भूमिका केली. ती पाहून ख्रिस्तीने तिला चिठ्ठी पाठवली, की तू कधीतरी माझी लाडकी मिस मार्पल करावीस. तेव्हा हिक्सन चाळिशीच्या उंबरठ्यावर होती. लेखिकेला त्या वयातल्या नटीत आपली म्हातारी दिसली!

ती ख्रिस्तीला दिसली कशात असेल, याचा मी पुष्कळ विचार केला. मार्पल हुशार आहे हे कुणीही दाखवू शकतं. ती हुशार आहे हे समोरच्याला कळू न देणं अवघड. ते त्या छोट्या भूमिकेत तिने केलं असणार.

ख्रिस्ती १९७६च्या जानेवारीत गेली. हिक्सनची मार्पल तिला बघायला मिळाली नाही. मार्पलवर पुस्तकं लिहिणाऱ्या बाईला आपल्या मनातली मार्पल पडद्यावर दिसली नाही आणि आपल्याला दिसली, हे माझ्या मनाला लागतं.


तिसरी_घंटा :

तिच्या अभिनयाबद्दल थोडं नेमकं बोलूया का? 'सहज अभिनय' असं म्हणून आपण सुटतो.

माझं निरीक्षण डोळ्यांचं आहे. तिचे डोळे फिकट निळे, आणि ती ते कमी हलवते. चहाचा कप उचलताना, विणकामाचे टाके घालताना हात चालू असतात, चेहरा सौम्य असतो, आणि नजर एखाद्यावर नेहमीपेक्षा थोडी जास्त वेळ थांबते. तेवढ्यावर आपल्याला कळतं की हिने काहीतरी टिपलं. संगीत नाही, कॅमेरा जवळ जात नाही. आणि आवाज. ती कधीही वरच्या पट्टीत जात नाही. 'नेमेसिस'मध्ये मार्गारेट टायझॅकसोबतचे प्रसंग पाहा. रहस्य फोडत नाही, पण दोन ज्येष्ठ नट्या नुसत्या बोलतायत आणि खोली गार पडत जाते.

रदरफोर्डची मार्पल आपल्याला आवडून जाते. हिक्सनच्या मार्पलची थोडी भीती वाटते. तिच्यात दया आहे, पण खुन्यासाठी नाही. खून झाला म्हणजे कुणाचा तरी जीव गेला, हे ती शेवटपर्यंत विसरत नाही आणि आपल्यालाही विसरू देत नाही. पुस्तकातल्या मार्पलचा हा कणा आहे आणि तो तिने अचूक पकडला.


आडवाट :

हे फार छान लिहिलंत. यात एक भर. विनोदी नटीला गंभीर भूमिका पेलत नाही असं मानणाऱ्यांनी तिची मिस हॅविशम बघावी. १९८१ची बीबीसीची 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स'. लग्नाच्या दिवशी फसवली गेलेली, त्याच जुन्या पोशाखात वर्षानुवर्षं बसलेली बाई. ही भूमिका नट्यांना मोठमोठ्याने करायचा मोह होतो. हिक्सन ती एखाद्या मानी, घरंदाज म्हातारीसारखी करते, जिच्या डोक्यात एकच घड्याळ थांबलंय. मार्पलला तीन वर्षं बाकी होती तेव्हा.

आणि दुसऱ्या टोकाला 'थिएटर ऑफ ब्लड', १९७३. व्हिन्सेंट प्राइस आपल्यावर टीका करणाऱ्या समीक्षकांना शेक्सपिअरच्या नाटकांतल्या पद्धतीने एकेक करून मारतो. आर्थर लो त्यातला एक समीक्षक, हिक्सन त्याची बायको. गुंगीचं औषध देऊन दोघांना झोपवलं जातं, आणि तिच्या शेजारी झोपलेल्या नवऱ्याचं मुंडकं कापलं जातं. तिला जाग येते ती सकाळी. आख्ख्या प्रसंगात तिला करायला झोपण्यापलीकडे फारसं काही नाही, तरी जागं होण्याचे ते काही क्षण विसरता येत नाहीत.

माझा मूळ मुद्दा मात्र कायम. तिच्या काळातल्या इतर सहनट्यांना सिनेमाने निदान एकदा तरी मोठा घास दिला. डोरा ब्रायनला 'अ टेस्ट ऑफ हनी', ब्रेंडा डी बँझीला 'हॉबसन्स चॉइस', मेग्ज जेनकिन्सला 'द इनोसंट्स'. हिक्सनच्या वाट्याला सिनेमात असं एकही काम आलं नाही. जे आलं ते टीव्हीने आणि नाटकाने दिलं.


पिवळा_दिवा :

हे खरंय. थोरा हर्डलाही 'अ काइंड ऑफ लव्हिंग'मधली सासू मिळाली. कॅथलीन हॅरिसनला हगेट कुटुंबाची आई मिळाली आणि तिच्यावर चित्रपटांची मालिकाच निघाली. हिक्सन कायम बाजूला.

टीव्हीबद्दल एक राहिलं. 'अवर मॅन अॅट सेंट मार्क्स', १९६३ ते १९६६. धर्मगुरूच्या घरची कारभारीण मिसेस पीस. धर्मगुरू आधी लेस्ली फिलिप्स, पुढे डोनाल्ड सिंडन. नायक बदलला, कारभारीण तीच राहिली!


निळावंती :

मी ख्रिस्ती पुस्तकांतूनच वाचलीय, ठाण्याच्या आमच्या वाचनालयात जीर्ण झालेल्या प्रती होत्या, त्यातली शेवटची पानं हमखास फाटलेली. पडद्यावर फारसं काही पाहिलेलं नाही. कुठून सुरुवात करू? सगळं एकदम नको.


मध्यंतर :

'अ मर्डर इज अनाउन्स्ड', १९८५. माझ्या मते बारांतली सगळ्यांत बांधीव. युद्धानंतरचं इंग्लंड, रेशन, शेजारी कोण आहे याची कुणालाच खात्री नाही. ते वातावरण मालिकेने मन लावून उभं केलंय. 'अ कॅरिबियन मिस्ट्री' शेवटी ठेवा. बार्बाडोसमध्ये चित्रित झालीय आणि इंग्लंडच्या गारठ्यातून बाहेर आलेली मार्पल बघायला मजा येते, पण आधी तिला तिच्या गावात बघा.

सिनेमांत 'सेव्हन डेज टू नून'. मग 'कॅरी ऑन कॉन्स्टेबल', मन हलकं करायला. आणि १९८६चा 'क्लॉकवाइज'. मायकेल फ्रेनची पटकथा, जॉन क्लीझ वेळेचा पक्का मुख्याध्यापक आणि त्याचा दिवस पार विस्कटतो. त्याची बायको तीन म्हाताऱ्यांना गाडीतून फिरवत असते, त्यातली अखंड बोलणारी मिसेस ट्रेलिस म्हणजे हिक्सन. तोवर सगळ्या देशात मार्पल म्हणून नाव झालं होतं. तरीही ती मागच्या सीटवर बसायला आली.


खाडीकाठ :

हे वाक्य मनात राहिलं. १९८७मध्ये तिला ओबीई हा ब्रिटिश सरकारी किताब मिळाला, बाफ्ता या ब्रिटिश सिनेमा-टीव्ही पुरस्कारासाठी दोनदा नामांकन झालं. मार्पलची शेवटची कथा १९९२च्या नाताळच्या सुमारास आली, तेव्हा ती ८६ची. त्यानंतरही १९९३च्या 'सेंच्युरी'मध्ये आहे, परत छोट्या भूमिकेत.


रानजाई :

निळावंती, मध्यंतरच्या यादीत एकच भर घालते. तिने मार्पलच्या कथा आवाजातही ध्वनिमुद्रित केल्यात. पडद्यावरची सगळी पाहून झाली की त्या ऐक. एकटीच्या आवाजात गावचा डॉक्टर, मोलकरीण, कर्नल, खुनी सगळे येतात, आणि कुणाचीही नक्कल केल्यासारखं वाटत नाही. पुस्तकाची शेवटची पानं फाटलेली असली तरी तिथे पुरी मिळतील.

आडवाट, 'हिंडल वेक्स' आणि 'यँक्स' यांच्याबद्दल तू काही लिहिशील का? दोन्हींमध्ये ती आहे, एक १९५२चा आणि एक १९७९चा. दोन्ही लँकेशर-यॉर्कशरकडचे, उत्तर इंग्लंडच्या कामगारवस्तीतले. तुझ्या एप्रनच्या मुद्द्याला त्यांतून आणखी धार येईल असं मला वाटतं, आणि मला ते वाचायचंय.


आडवाट :

लिहितो. 'यँक्स' पुन्हा बघून मगच लिहीन, रविवारपर्यंत.